खाकी पट्टी, हिरवी पट्टी

ग्वाल्हेरच्या लष्कर नावाच्या भागात, टोपी बाजाराच्या मागच्या गल्लीत राहणारे तुकोजी वाबळे कोणावरही विश्वास ठेवत नसत. ही त्यांच्या माघारी केलेली चुगली नव्हे. लोक त्यांच्या तोंडावर हे म्हणत आणि तेही मान डोलावून ऐकून घेत. गवळ्याने दूध घातलं की आधी नखावर थेंब घेऊन पाहायचे, मग गवळ्याकडे, मग पुन्हा थेंबाकडे. पत्र आलं की पाकीट उजेडात धरून आधी कुणी फोडलंय का ते बघायचे. त्यांच्या पत्नी सुलोचनाबाई सांगायच्या, "अंतरपाट दूर झाला तेव्हा यांनी एकदा माझ्याकडे पाहिलं आणि मग माझ्या बापाकडे. दाखवली ती हीच ना, म्हणून." यात खरं किती आणि तिखटमीठ किती ते बाईच जाणोत.

धंद्यात मात्र हा स्वभाव फार कामाला आला. तुकोजी संस्थानच्या पलटणीत दर्जीखान्याचे मास्टर होते. आजोबा दख्खनेतून शिपाईगिरी करत इकडे आले होते. वडिलांचा पाय तोफेच्या चाकाखाली सापडला, तेव्हा त्यांनी बंदूक ठेवून सुई धरली, आणि ती सुई पुढे तुकोजींच्या हातात आली. लग्नामुंजीत भाऊबंद चिडवायचे, "वाबळ्यांची तलवार फारच बारीक झाली हो." तुकोजींना ते झोंबायचं. पण कापडाचा ठेकेदार समोर आला की त्याला कळायचं, ही बारीक तलवार काय कापते ते. ठाण उलगडायचं, मधला दोरा उपसायचा, तो जाळून वास घ्यायचा, तुकडा रात्रभर पाण्यात ठेवायचा. रंग उतरला की ठाण परत. चार ठेकेदारांनी तक्रारी केल्या आणि चौघेही खोटे ठरले. तेव्हापासून पलटणीत असं झालं की तुकोजी मास्टर म्हणतील ते प्रमाण.

माप घ्यायची त्यांची रीत वडिलोपार्जित होती. फुटाचे आकडे छापलेला फीता त्यांनी कधी वापरला नाही. फीता ताणतो, आकडा लिहिणारा चुकतो, वाचणारा त्याहून चुकतो, असं त्यांचं म्हणणं. ते त्याच वर्दीच्या कापडाची अंगठ्याएवढी रुंद पट्टी कापायचे, माणसाच्या अंगाभोवती धरायचे आणि कात्रीने खाच पाडायचे. गळ्याला सरळ खाच, छातीला तिरपी, कमरेला दुहेरी. टोकाला शाईने शिपायाचा नंबर. एका माणसाची एक पट्टी, आणि सहाशे माणसांच्या सहाशे पट्ट्या दर्जीखान्याच्या भिंतीवर खिळ्यांना लटकलेल्या. अगदी वरच्या खिळ्यावर वडिलांच्या वेळच्या लाल बनातीच्या होत्या. ती माणसं कधीच गेली होती, पण पट्ट्या उतरवायचं कुणाच्या मनात येत नसे.

मग मोठी लढाई आली आणि वर्दीचं सगळं तंत्रच बदललं. त्याआधी ग्वाल्हेरच्या शिपायाची खाकी म्हणजे बघत राहावी अशी. खिशांना चुण्या, खळ लावून कडक केलेली अर्धी विजार, छातीवर नागाच्या छापाची पितळी बटणं. पलटण ब्रह्मदेशाच्या आघाडीवर गेली आणि डेपोत दर पंधरा दिवसांनी नवा हुकूम यायला लागला. खिशाच्या चुण्या काढा. पितळी बटणं काढून हाडाची लावा. अर्धी विजार बंद, घोट्याशी बांधायची लांब विजार शिवा. शेवटी तर हुकूम आला की खाकी सगळी हिरवी रंगवा.

तुकोजींच्या मनात पाल चुकचुकली. चुण्या गेल्या म्हणजे कापड वाचलं. ते गेलं कुठे? पितळी बटणं उतरली, ती कोण वितळवतंय? आणि चांगल्या खाकीवर हिरवा रंग चढवायचा म्हणजे सडक्या कापडाचे डाग झाकायची सोय, दुसरं काय. त्यांनी गोदामाचा हवालदार दौलतसिंह याला तीनदा खोदून विचारलं. दौलतसिंह भिंडकडचा ठाकूर, मुलखाचा बडबड्या, पण त्यालाही काही ठाऊक नव्हतं. ठाऊक नाही म्हणतो म्हणजे नक्की ठाऊक असणार, अशी तुकोजींनी मनाशी गाठ मारली.

त्यांची ही गाठ सोडवली त्यांच्या मुलानेच. गोविंद त्याच पलटणीत नाईक होता. एकुलता एक. रजेवर आला तेव्हा हाडाच्या बटणांचा सदरा अंगात, तोही घामाने विटलेला. म्हणाला, "आबा, त्या जंगलात खाकी घालून चालणं म्हणजे हातात कंदील घेऊन चालणं. पितळी बटण चमकलं नि आमचा एक जण गेला. अर्ध्या विजारीत तर जळवा मांडीपर्यंत चढतात." तुकोजींनी ते ऐकलं, सदरा उलटा करून शिवण तपासली आणि दुसऱ्या दिवसापासून स्वतः रंगाच्या कढईपाशी उभे राहिले. पुढे दीड वर्ष त्यांचे हात कोपरापर्यंत हिरवे होते. हिरव्या हाताने जेवायला बसले की सुलोचनाबाई ताट जरा लांबच सरकवायच्या.

लढाई संपली. शेचाळीस साली पलटण परत आली आणि सगळ्यांची नव्याने मापं झाली. हिरवं कापड उरलं होतं, म्हणून त्याच्याच पट्ट्या काढल्या. आता प्रत्येक खिळ्यावर दोन पट्ट्या झाल्या. खाकी जातानाची, हिरवी आल्यानंतरची. बहुतेकांच्या छातीची खाच अर्ध्या बोटाने, बोटाने आत आली होती. जंगलात काय खायला मिळतं ते दिसतच होतं. गोविंदची खाच तीन बोटं आत आली. तुकोजींनी पट्टी दोनदा धरून पाहिली, मुलाच्या तोंडाकडे पाहिलं आणि घरी आल्यावर सुलोचनाबाईंना एवढंच सांगितलं, "त्याला रोज तूप घालत जा." त्याच्या खोकल्याविषयी ते काही बोलले नाहीत. लढाईहून आलेला प्रत्येक दुसरा माणूस खोकत होता.

इकडे देश स्वतंत्र झाला, संस्थानं विलीन झाली, ग्वाल्हेर मध्य भारत राज्यात गेलं. मग कळलं की संस्थानची फौज आता भारताच्या फौजेत मिसळणार. मिसळणार म्हणजे काय, ते कुणी धड सांगेना. दोन पलटणींची एक होणार, नागाचा बिल्ला उतरणार, जास्तीची माणसं घरी जाणार. कोण जास्तीचा, ते ठरवायला बोर्ड बसायचं. कुणाला उंचीवरून काढलं म्हणत, कुणाला वयावरून, कुणाला लिहिता येत नाही म्हणून. लाइनीत माणसं एकमेकांशी हळू बोलायला लागली. जो तो दुसऱ्याच्या तोंडाकडे बघायचा, की याला काही आधी कळलंय का.

तुकोजींना स्वतःची काळजी नव्हती. ते साठीला टेकले होते. पण गोविंदला बंदुकीखेरीज काही येत नव्हतं. घरात त्याची बायको लीला, दोन लहान मुली. फौजेतून काढलेल्याला गावात कोण उभं करणार? महाराज बाड्याच्या चौकात अशी माणसं जुन्या वर्दीची बटणं तोडून तीच घालून बसलेली त्यांना रोज दिसत होती. गोविंद राहिला पाहिजे, एवढा एकच धोसरा त्यांनी घेतला.

पन्नास सालच्या जानेवारीत एक डॉक्टर आला. कॅप्टन अय्यप्पा, कुर्गकडचा, भारताच्या फौजेतला, बारीक चणीचा आणि फार कमी बोलणारा. कमी बोलणारा माणूस तुकोजींना मुळातच आवडत नसे. हा दर्जीखान्यात आला, भिंतीकडे पाहत राहिला आणि मोडक्या हिंदीत विचारू लागला की दोन रंगांच्या पट्ट्या का. तुकोजींनी सांगितलं. मग खाच कसली, नंबर कुणाचा, माप कोण घेतं, सगळं विचारलं. शेवटी म्हणाला, "उद्या दुपारी मला सगळ्या पट्ट्या हव्यात. दोन्ही रंगांच्या."

"कशाला, साहेब?"

"काम आहे," एवढं म्हणून तो गेला.

 पाठोपाठ दौलतसिंह आला. त्याने दार लोटून घेतलं आणि आपल्या मते फार हळू आवाजात म्हणाला, "मास्टर, छँटनी पक्की है. माणसं काढणार. पलटणीचे जुने मेडिकलचे कागद लढाईत वाळवीने खाल्ले. आता हा तुमच्या पट्ट्यांवरून पाहणार, कोण वाळलाय. जो वाळला तो घरी."

"तुला कोणी सांगितलं?"

"सांगायला कशाला हवं? डॉक्टर पट्ट्या नेऊन काय कुर्ता शिवणार आहे?"

हे म्हणणं तुकोजींना पटलं. आयुष्यात दौलतसिंहाचं त्यांना पटलेलं हे पहिलंच म्हणणं असेल. आता गोविंदला विचारावं का? नको. गोविंद सरळ माणूस. साहेबाने विचारलं तर खरं ते बोलून मोकळा होईल. सुलोचनाबाईंना सांगावं? त्या शेजारणीला सांगतील. तुकोजींनी कुणाला ताकास तूर लागू दिली नाही.

दुसऱ्या दिवशी बाराला दर्जीखाना जेवायला उठला. तुकोजी म्हणाले, मला भूक नाही, आणि आतून कडी घातली. हिरवी पट्टी बदलून भागणार नव्हतं. त्या मापाची वर्दी गोविंदच्या अंगावर होती, कुणीही ताडून पाहिलं असतं. बदलायची ती खाकी. जातानाच छाती एवढीच होती असं दिसलं, म्हणजे तो वाळला नाही, त्याची ठेवणच तशी. पण पडलेली खाच बुजत नाही. त्यासाठी पट्टीच नवी हवी आणि कापड मात्र जुनं हवं. त्यांनी गोविंदच्या लढाईआधीच्या कोटाची दुमड उसवून पट्टी कापली. हिरवी बाजूला धरून छातीची खाच पाडली, अगदी एक नख फरक ठेवून, कारण काहीच फरक नसता तर तोच संशयाला जागा झाला असता. शाईत चहाचं पाणी घालून नंबर विटका उतरवला. खळ लावून धूळ चोळली. मूळ पट्टी त्यांनी इस्त्रीच्या निखाऱ्यांवर टाकली आणि राख होईपर्यंत झाकण धरून बसले. सबंध हयातीत त्यांनी खोटी खाच पाडलेली ही पहिली. ती एका फटक्यात अचूक पडली, याचं त्यांना त्या वेळी बरंच वाटलं.

कॅप्टनने तीन दिवस पट्ट्या टेबलावर जोडीजोडीने लावून पाहिल्या. मधे एकदा ॲडज्युटंटसाहेबांना विचारलं, या मापांवर भरवसा ठेवावा का. ॲडज्युटंट हसले आणि म्हणाले, "या माणसाचा जगात कुणावर भरवसा नाही, पण त्याच्या पट्टीवर आमचा सगळ्यांचा आहे." तुकोजी बाहेर उभे होते. त्यांनी ते ऐकलं आणि मनात म्हटलं, देवा, निभावलं.

चौथ्या दिवशी परेडीला सव्वीस नावं वाचली. गोविंदचं नव्हतं. त्या सव्वीसांना सामानासह ट्रकात बसवून झाशीला नेलं. कशाला, ते सांगितलं नाही. त्यांच्या बायका मुरारच्या रस्त्यापर्यंत रडत गेल्या. तुकोजी दारात उभे राहून ट्रक जाताना पाहत होते. वाईट वाटलं, खोटं कशाला बोला, पण त्याहून जास्त हायसं वाटलं. संध्याकाळी त्यांनी बाड्यावरून पाव शेर पेढे आणले. सुलोचनाबाईंनी कशाचे म्हणून विचारलं तर म्हणाले, "पेढे खायला कारण कशाला लागतं?" त्यांच्या तोंडी हे वाक्य ऐकून बाईंनाच संशय आला.

गोविंद बोर्डातून पार पडला. नागाचा बिल्ला उतरला, नवा बिल्ला लागला, फेट्याच्या जागी बेरे टोपी आली. वर्द्या आता कुठल्या तरी कारखान्यातून नंबरवारीने तयार यायला लागल्या. दर्जीखान्याला कुलूप लागलं आणि तुकोजींनी टोपी बाजारात लहानसं दुकान मांडलं. गोविंदची नवी वर्दी खांद्यावर ढिली व्हायची. "कारखान्याचा माल," तुकोजी म्हणायचे, "माणूस न बघता शिवलेला." एकदा लीलाने ती आत घ्यायला आणून दिली. त्यांनी आत घेतली. दोन महिन्यांनी पुन्हा घेतली. गोविंदच्या अंगाला पट्टी लावून पाहा, असं सुलोचनाबाई दोनदा म्हणाल्या. दोन्ही वेळा त्यांना काहीतरी दुसरं काम निघालं.

एक्कावन्नच्या दिवाळीनंतर दुकानात एक गुटगुटीत माणूस आला आणि पाया पडला. तुकोजींनी ओळखलं नाही. तो संभाजीराव, सव्वीसांतला एक. कोट शिवायचा होता. तुकोजींनी छातीला पट्टी धरली तर ती पुरेना.

"कुठे होतास रे? तुम्हाला तर काढलं होतं."

"काढलं कुठे, मास्टर? झाशीला छातीचा फोटो काढला. आमच्यातल्या एकोणीस जणांना क्षय निघाला. डोंगरावरच्या इस्पितळात ठेवलं, पगार चालू. अंडी, दूध, इंजेक्शनं. लढाईत लागलेला रोग म्हणून सगळा खर्च सरकारचा. आमच्यातले सतरा बरे झाले." मग तो हसला. "त्या कॅप्टनसाहेबाला एकदा विचारलं, तेव्हाच का सांगितलं नाही. म्हणाला, सांगितलं असतं तर नोकरी जाईल म्हणून एकही पुढे आला नसता. तुमच्या पट्ट्यांनी वाचवलं, मास्टर. तुम्ही शिवल्याशिवाय पहिला कोट घालायचा नाही, असं तिथेच ठरवलं होतं."

तुकोजींच्या हातातली पट्टी खाली पडली. त्यांनी दुकान तसंच टाकलं, चपलाही घातल्या नाहीत. घरी पोचले तेव्हा गोविंद अंगणात खाटेवर होता. ड्यूटीवरून लवकर आला होता, आणि लीला त्याचा रुमाल धुवत होती. बादलीतलं पाणी लाल होतं.

मुरारच्या इस्पितळात कॅप्टन अय्यप्पा होताच. त्याने फोटो काढला. दोन्ही फुप्फुसं गेली होती. दोन वर्षांपूर्वीच फोटो काढला असता तर, असं तो म्हणाला. आता किती दिवस, तेही तुकोजींनी विचारल्यावर त्याने खरं सांगितलं. वसंतापर्यंत. फार तर उन्हाळ्यापर्यंत. आणि नियम असा की रोग लढाईतला ठरला तर डोंगरावरची खाट आणि मागे बायकोला पेन्शन. नंतरचा ठरला तर काहीच नाही. आणि गोविंदच्या पट्ट्या म्हणत होत्या की लढाईत त्याला काही झालंच नाही.

तुकोजी पेन्शन ठरवणाऱ्या बोर्डापुढे उभे राहिले. समोर तीन अधिकारी, मधला म्हातारा कर्नल. तुकोजींनी सगळं सांगितलं. कोटाची दुमड, चहाचं पाणी, निखारे. खऱ्या मापाची म्हणून कापून आणलेली नवी खाकी पट्टी टेबलावर ठेवली.

कर्नलने ती हातात घेतली नाही. "म्हणजे खोटी पट्टी तुम्ही इतकी हुबेहूब करू शकता, असं तुम्हीच सांगताय. मग ही खरी कशावरून?"

"मूळची माझ्या डोळ्यांपुढे आहे, साहेब."

"ती कुठे आहे?"

"जाळली."

"जाळताना कुणी पाहिलं?"

"कुणी पाहू नये म्हणूनच दुपारची वेळ धरली होती."

कर्नलने कॅप्टनकडे पाहिलं. कॅप्टन खाली मान घालून होता. "मास्टर, मुलगा मरणाला टेकला की बाप काहीही बोलतो," कर्नल जरा मवाळपणे म्हणाला. "मी तुमच्या जागी असतो तर मीही हेच केलं असतं. पण मी विश्वास ठेवू शकत नाही." लोकांकडे पाहायची ती नजर तुकोजींना चांगली माहीत होती. आयुष्यभर ती त्यांचीच होती, आणि आता ती त्यांच्यावर लागली होती. ते वाद न घालता बाहेर आले.

घरी गोविंद उन्हात पडला होता. तुकोजी खाटेजवळ उभे राहिले आणि एका दमात बोलून गेले. काही लपवलं नाही. दौलतसिंहाचं नाव मधे आणून स्वतःला झाकलंही नाही. शेवटी म्हणाले, "मी तुला मारलं, गोविंदा. तुला एका शब्दाने विचारलं नाही."

 गोविंदला खोकला आला. तो थांबेपर्यंत तुकोजींनी त्याची पाठ धरून ठेवली. हाताखाली बरगड्या लागत होत्या.

"आबा, मी त्या कॅप्टनसाहेबांकडे गेलो होतो," गोविंद म्हणाला. "तेव्हाच. ट्रक निघायच्या आदल्या दिवशी. म्हटलं, छातीत दुखतं, रात्री घाम येतो. त्यांनी तुमच्या दोन्ही पट्ट्या काढून मला दाखवल्या. म्हणाले, फरक तर दिसत नाही, पण ट्रकात एक जागा आहे. तुझ्या मनात शंका असेल तर तुझं नाव घालतो. सांग."

"मग?"

"मी म्हटलं, राहू द्या साहेब. आबांची पट्टी चुकायची नाही. मलाच उगीच संशय येतोय."